तेवढ्याच मोठ्या अक्षरांत

एरवी माझ्यातून दुसरेच बोलत आले. आज मी स्वतः बोलतोय. मी एका सायंदैनिकाच्या बातम्यांच्या खोलीतला काळा, तबकडीचा टेलिफोन. सायंदैनिक म्हणजे सकाळी लिहून, दुपारी छापून, दिवेलागणीला घरोघरी पोचणारा पेपर. चहाबरोबर वाचायचा आणि रात्री त्यात चपला गुंडाळायच्या.

कारखान्यात आम्ही भावंडं शेकड्यांनी जन्मलो. कुणी वकिलाकडे गेला, कुणी दवाखान्यात, कुणी एखाद्या भरल्या घरात जाऊन आत्या-मावश्यांच्या गप्पा ऐकत सुखाने म्हातारा झाला. माझ्या नशिबी बातम्या आल्या. पेपर काढणारे मोठे मालक तेव्हा हयात होते. त्यांनी स्वतःच्या हाताने मला लांबलचक टेबलाच्या मधोमध ठेवलं आणि भोवती जमलेल्यांना सांगितलं, "हा आपल्या पेपरचा कान. तोंड खाली छापखान्यात आहे. आधी कान, मग तोंड. हा क्रम चुकला की समजा आपण संपलो."

सगळे हसले. मला मात्र तेव्हा फार मोठं झाल्यासारखं वाटलं.

आमचं शहर नाना तऱ्हेच्या माणसांचं होतं. टेकडीवर जुनी घराणी, स्टेशनामागे कामगारांच्या चाळी आणि नदीपलीकडे दोन पिढ्यांपूर्वी पुराने उठून इकडे आलेली वस्ती. या पलीकडच्या लोकांची घरातली भाषा वेगळी, प्रार्थना वेगळी, मेलेल्या माणसाला निरोप द्यायची रीत वेगळी. चार भांडी एकत्र आली की वाजणारच, तशी इथेही वाजायची. पण मोठ्या मालकांचा दंडक होता की चोराला चोर म्हणा, त्याची वस्ती आणि त्याचा देव कशाला काढता? त्या गोष्टीचा गुन्ह्याशी संबंध असेल तरच लिहा, नाहीतर शाई वाचवा.

हा दंडक कुणी मनापासून पाळला असेल तर तो मुख्य उपसंपादक बाईंनी. येणारी प्रत्येक बातमी त्यांच्या हाताखालून जायची आणि त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला, "खात्री केली?" त्यावरून सगळे त्यांना पाठीमागे खात्रीबाई म्हणत. पुढे पुढे तोंडावरही म्हणू लागले आणि बाईंनी ते नाव पदवीसारखं घेतलं. हाडकुळ्या, चष्मा डोक्यावर ठेवून तोच शोधत बसणाऱ्या. स्वभाव फटकळ. एखाद्याने "सूत्रांकडून कळतं" असं लिहून आणलं की म्हणायच्या, "सूत्राला आईबाप असतील ना? फोन नंबर दे." मग मला मान आणि खांद्याच्या मध्ये पकडून, एका हाताने पेन्सिल चालवत त्या विचारत राहायच्या. एका बाजूला विचारायच्या, मग दुसऱ्या बाजूला. समोरचा चिडला तरी यांचा आवाज चढत नसे. त्यांच्या तोंडाला सदैव लवंगेचा वास असायचा. तो माझ्या छिद्रांत इतका मुरला की नव्या माणसाने मला उचललं की तो आधी नाक ओढायचा.

एकदा एका प्रार्थनास्थळाची भिंत पडली. दोन वस्त्यांतली माणसं समोरासमोर उभी राहिली आणि दुसऱ्या पेपरांनी "भिंत पाडली" असे मथळे जुळवले. बाईंनी दोन्ही वस्त्यांत फोन केले, पाणीपुरवठा खात्यात केला, शेवटी नळ दुरुस्त करणाऱ्याच्या बायकोलाही केला. भिंतीखालचा पाइप फुटून पाया खचला होता. आमच्या पेपरात आलं, "पाइप फुटल्याने भिंत कोसळली". बातमी इतकी मिळमिळीत झाली की कुणी पूर्ण वाचलीही नसेल. पण कुणाचं डोकंही फुटलं नाही. असले दिवस कुणाच्या लक्षात राहत नाहीत. माझ्या आहेत.

मोठे मालक वारले आणि पेपर त्यांच्या जावयाकडे आला. सगळे त्यांना जावईबापू म्हणत, कारण सासऱ्याच्या खुर्चीत बसूनही ते पाहुण्यासारखे मऊ बोलायचे. मनाने ते दुष्ट होते असं मी म्हणणार नाही. कामगारांच्या पोरांच्या परीक्षा विचारायचे, कुणावर कधी ओरडले नाहीत. पण त्यांनी समोरच्या भिंतीवर एक मोठा पडदा लावला. आमची आणि दुसऱ्या पेपरांची कुठली बातमी या क्षणी किती लोक वाचतायत ते त्यावर दिसायचं. तेव्हापासून खोलीतली सगळी माणसं बोलताना एकमेकांकडे बघेनाशी झाली, पडद्याकडे बघून बोलू लागली. बाईंचा फोन चालू असला की जावईबापू मागे येऊन उभे राहत आणि हळूच म्हणत, "बाई, तुमची खात्री होईपर्यंत लोकांच्या मोबाइलवर बातमी शिळी होते हो."

बाई म्हणायच्या, "शिळं पोटाला बाधत असेल साहेब. कच्चं त्याहून जास्त बाधतं."

आता ज्या दिवसासाठी मी बोलायला बसलोय, तो दिवस सांगतो.

त्या सकाळी एका शाळेतली बरीच मुलं उलट्या करू लागली. त्यांना मोठ्या दवाखान्यात हलवलं. आमचा वार्ताहर तिकडे धावला. त्याला सगळे वाऱ्या म्हणायचे, कारण बातमीच्या वासाने तो वाऱ्यासारखा सुटायचा. पण त्या दिवशी त्याला धावायचं वेगळंही कारण होतं. त्याची सख्खी भाची त्या मुलांत होती. बहिणीला दवाखान्याच्या पायरीवर रडताना बघून तो परत आला, पाणीही प्यायला नाही. टेबलाशी बसून त्याने एका दमात बातमी लिहिली.

शाळेच्या फाटकाशी एक आइस्क्रीमवाला उभा राहायचा. नदीपलीकडचा, पिकल्या मिशांचा म्हातारा. मुलं त्याला गारमामा म्हणायची. आदल्या दिवशी मुलांनी त्याच्याकडे आइस्क्रीम खाल्लं होतं आणि फाटकाशी जमलेले पालक एकमेकांना सांगत होते की हे पलीकडच्यांनी मुद्दाम केलंय. वाऱ्याने तेच लिहिलं. गारमामाचं नाव, त्याची वस्ती, त्याची गल्ली, सगळं लिहिलं.

बाईंनी कागद वाचला आणि चष्मा डोक्यावर सरकवला. डॉक्टरांशी बोललास का, म्हणून विचारलं. डॉक्टर मुलांपाशी होत्या, बाहेर आल्या नाहीत. त्या आइस्क्रीमवाल्याला विचारलंस का? तो आज आलाच नव्हता. बरं, तुझी भाची काय म्हणाली? तिला विचारायचं वाऱ्याला सुचलंच नव्हतं. तो म्हणाला, "बाई, मी खोटं लिहिलेलं नाही. लोक म्हणत होते, तेच लिहिलंय."

"अरे, लोक काय म्हणतात ते लोकांना ठाऊकच असतं. त्यासाठी पेपर कशाला काढायचा?" बाई म्हणाल्या. पण आवाजात नेहमीची धार नव्हती. पोराची भाची दवाखान्यात आहे, हे त्यांनाही ठाऊक होतं.

त्यांनी मला उचललं आणि दवाखान्याचा क्रमांक फिरवला. मुलांच्या डॉक्टर कामात होत्या. बाईंनी निरोप ठेवला, मी थांबते म्हणाल्या. तोवर जावईबापू खाली आले होते. दुसऱ्या पेपराने मोबाइलवर बातमी सोडली होती आणि त्यात पलीकडच्या वस्तीचा उल्लेख होता. पडद्यावर आमचा आकडा खाली, त्यांचा वर. बाई म्हणाल्या की मुलं आजारी पडली एवढंच छापू, कारण कळलं की उद्या लिहू. जावईबापूंनी मान हलवली आणि स्वतःच मथळा सांगितला, "आइस्क्रीममधून विष? नदीपारच्या विक्रेत्यावर संशय".

"हे जाऊ देऊ नका साहेब."

"प्रश्नचिन्ह टाकलंय ना बाई?"

"मथळा वाचून लोक धावत सुटतात. प्रश्नचिन्हाशी कुणी थांबत नाही."

जावईबापू हसले, बाईंच्या खांद्यावरून हात लांबवून त्यांनी पान छापखान्याकडे सोडायचं बटण दाबलं आणि वर निघून गेले. थोड्या वेळाने खालून यंत्राची धडधड सुरू झाली. ती टेबलाच्या पायांतून माझ्यापर्यंत यायची. आयुष्यभर मला तो आवाज आवडत आला होता.

आणि मी वाजलो.

डॉक्टर बोलत होत्या. दमलेल्या, पण स्पष्ट. आजारी पडलेल्यांतल्या निम्म्या मुलांनी आइस्क्रीमला हातही लावला नव्हता. सगळ्यांनी शाळेच्या टाकीतलं पाणी प्यायलं होतं. टाकी उघडून पाहिली तर पाण्याला घाण वास, आत मेलेली कबुतरं. मुलं सुधारतायत, धोका नाही. "आणि एक," त्या म्हणाल्या, "इथे बाहेर काहीतरी भलतंच बोलतायत. त्या आइस्क्रीमवाल्याचा यात काही संबंध नाही. कृपा करून त्याचं नाव घेऊ नका."

बाईंनी "थांबा, फोन ठेवू नका" म्हणून मला तसंच टेबलावर आडवं टाकलं आणि जिन्याकडे धावल्या. मी उघडा पडून होतो. पलीकडून डॉक्टरांचा श्वास ऐकू येत होता, खाटांची चाकं, आणि कुठलं तरी पोर घरी कधी सोडणार म्हणून विचारत होतं. मुलं बरी होती. एवढी चांगली बातमी माझ्या तारेत लोंबत होती आणि ती घ्यायला खोलीत कुणी नव्हतं. डॉक्टरांनी दोनदा हॅलो म्हटलं. मग त्यांना कुणी हाक मारली आणि त्यांनी फोन ठेवला.

बाई परत आल्या त्या जावईबापूंना घेऊनच. अंक गाड्यांत भरून निघाले होते. जावईबापूंचा चेहरा पडला होता, पण क्षणभरच. ते म्हणाले की आता गाड्या अडवल्या तर आपणच आपली चूक ओरडून सांगितल्यासारखं होईल. पुढच्या छपाईत डॉक्टरांचं म्हणणं घालू, बातमीच्या शेवटी. मथळा राहू दे, दुसऱ्यांचाही तोच आहे. वाऱ्या कोपऱ्यात उभा राहून ऐकत होता. बाईंनी त्याच्याकडे पाहिलं तेव्हा तो चपला सरकवत बाहेर गेला. भाचीला बघायला गेला असेल.

अंक रस्त्यावर पोचला तसे फोन सुरू झाले. पहिल्याच माणसाने फार सभ्यपणे विचारलं, "त्या आइस्क्रीमवाल्याच्या घराची खूण काय हो? तुम्ही गल्ली दिलीय, पण घर नाही दिलं." बाईंनी मला इतकं घट्ट धरलं की मला वाटलं, मी तडकेन. पेपरात आलेलं चुकीचं आहे, पाण्यामुळे झालंय, असं त्या प्रत्येकाला सांगत राहिल्या. एका बाजूला हजारो अंक आणि दुसऱ्या बाजूला एक बाई आणि एक टेलिफोन. आभाळाला ठिगळ कुठवर लावणार?

गारमामा घरी नव्हताच. मुलं आजारी पडल्याचं कळल्यावर तो त्यांना बघायला दवाखान्यात निघाला होता. कुणाला कुठलं आइस्क्रीम आवडतं यावरून तो त्यांना ओळखायचा, नावांनी नाही, त्यामुळे आत कुणाची चौकशी करावी ते त्याला सांगता येईना. तो दवाखान्याच्या फाटकाशीच अडखळला. तिथे नुकताच आमचा पेपर पोचला होता.

संध्याकाळी पुन्हा त्याच डॉक्टरांचा फोन आला. या वेळी आवाज अगदी सपाट होता. "मारणाऱ्यांच्या हातात तुमचा पेपर होता," त्या म्हणाल्या. "मी तुम्हाला सांगितलं होतं." गारमामा काही दिवस त्याच दवाखान्यात होता. मुलं वरच्या मजल्यावरून बरी होऊन घरी गेली. तो खालच्या मजल्यावर त्या माराने गेला.

त्यानंतर त्याच्या बायकोचा फोन आला. बाईंनीच उचलला. आमची भाषा तिच्या घरची नव्हती. एकेक शब्द निवडून, पुसून पुढे ठेवावा तशी ती बोलत होती. तिने शिव्या दिल्या नाहीत, भरपाई मागितली नाही. ती म्हणाली, "बाई, जिथे छापलं तिथेच परत छापा. तेवढ्याच मोठ्या अक्षरांत. माझ्या माणसाने काही केलं नाही, असं."

"छापू," बाई म्हणाल्या.

आयुष्यात खात्री केल्याशिवाय त्यांनी दिलेला तो एकच शब्द.

त्या जावईबापूंशी भांडल्या, रडल्या, राजीनाम्याची भाषा केली. त्या दिवसाचा अंक कधी नव्हे इतका खपला होता. जावईबापूंनाही वाईट वाटत होतं, तसं ते वारंवार म्हणत. शेवटी आतल्या पानावर, हरवले-सापडले आणि जागा भाड्याने देण्याच्या जाहिरातींच्या मध्ये दोन ओळी आल्या. "शाळेतील विषबाधेच्या वृत्तात अनवधानाने एका विक्रेत्याचा उल्लेख झाला होता. सदर प्रकार पाण्यामुळे घडल्याचे समजते." नाव नाही, माफी नाही. माणूस मेला, हेही नाही.

दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. "बाई, तुम्ही छापू म्हणाला होतात. शेजारच्या मुलीने सगळा पेपर वाचला. आम्हाला सापडलं नाही. कुठल्या पानावर आहे?"

बाईंनी पान सांगितलं. पलीकडे कागद उलटल्याचा आवाज आला. मुलीने वाचून दाखवलं.

पेपरांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारी एक समिती होती. बाईंनी स्वतःच्याच पेपराविरुद्ध तिच्यापुढे साक्ष दिली. समितीतली माणसं भली होती. सगळं ऐकून त्यांनी निकाल दिला, की पत्रकारितेच्या संकेतांचा भंग झाला, समाजातल्या एका घटकाबद्दल अकारण संशय पसरला, समिती तीव्र नापसंती व्यक्त करते. नापसंती व्यक्त करण्यापलीकडे तिच्या हातात काही नव्हतं. आमच्या पेपराने तो निकाल छापला, इतक्या जड शब्दांत आणि इतक्या बारीक टायपात की कुणाच्या नजरेत भरायला नको. दुसऱ्या पेपराने तेवढंही केलं नाही, कारण त्याच्याविरुद्ध कुणी तक्रारच केली नव्हती.

बाईंना शब्दकोड्याचं आणि राशिभविष्याचं पान देण्यात आलं. त्यांनी काही दिवस उभे-आडवे शब्द जुळवले. वाऱ्याला बढती मिळाली. तो आता खोलीत शिरला की टेबलाच्या लांबच्या टोकाला बसायचा, मी वाजलो तर दुसऱ्या कुणाला तरी खुणावायचा. त्याला झोप लागत नाही असं लोक म्हणत. खरं असेल. पण त्याने लिहायची रीत बदलली नाही. लोक म्हणत होते, तेच तो लिहीत राहिला.

गारमामाची बायको फोन करतच राहिली. दर वेळी तेच, जिथे छापलं तिथेच, तेवढ्याच अक्षरांत. बाई दर वेळी उचलायच्या, दर वेळी ऐकून घ्यायच्या. नोकरी सोडली त्या दिवशी त्यांनी आपणहून तिचा क्रमांक फिरवला आणि सांगितलं की मी चाललेय, पुढे इथे कुणी तुमचा फोन उचलेल असं वाटत नाही. मला त्या दोघींचं शेवटचं बोलणं चांगलं आठवतं, कारण ते फारच थोडं होतं.

"मला तुमचं काम करता आलं नाही," बाई म्हणाल्या.

"तुम्ही उचलत होतात," ती म्हणाली.

बाईंनी रुमालाने माझी छिद्रं पुसली, मला जागेवर ठेवलं आणि गेल्या. त्यानंतर तिचा फोन आला की लोक मला उचलून बाजूला ठेवायचे आणि आपल्या कामाला लागायचे. ती एकटीच बोलायची. मी ऐकायचो, पण माझ्या ऐकण्याचा तिला काय उपयोग? पुढे जावईबापूंनी ती लाइनच काढून टाकली. तक्रारींसाठी आता एक ईमेल आहे. तो कोण वाचतं, ते मला माहीत नाही.

मी जुना आणि देखणा, म्हणून मला भंगारात घातलं नाही. खाली दर्शनी दालनात, काचेच्या टेबलावर, शेजारी मोठ्या मालकांचा फोटो, अशी माझी जागा आहे. पाहुणे मला कानाला लावून हसत हसत फोटो काढून घेतात. तार टेबलाच्या मागे जाऊन संपते.

गेल्या आठवड्यात ती आली. मी तिला कधी पाहिलं नव्हतं, आवाजावरून ओळखलं. तिने स्वागतकक्षातल्या मुलीला सांगितलं की मला संपादकांना भेटायचंय. मुलीने गोड आवाजात ईमेलचा पत्ता लिहून दिला. ती बाकावर बसली. पहारेकऱ्याने तिला पाणी आणून दिलं. मग उठून ती माझ्यापाशी आली, मला उचललं, आणि सावकाश एकेक आकडा फिरवला. तिला पाठ असलेला तो क्रमांक माझाच होता.

ती बराच वेळ ऐकत उभी राहिली.

"मावशी," पहारेकरी हळू आवाजात म्हणाला, "तो नुसता शोभेचा आहे."

"कळलं मला," ती म्हणाली आणि मला नीट, सरळ ठेवून निघून गेली. दाराबाहेर आजचा अंक गाड्यांत भरत होते. त्यातही कुठल्या तरी वस्तीवर कुठला तरी संशय होता.

वाचकहो, माझ्यासाठी काही मागायचं नाही. मला शोभा म्हणून राहायला हरकत नाही. एवढंच सांगावंसं वाटतं, की तुमच्या दारात पडलेल्या अंकात कुणाचं नाव, कुणाची गल्ली, कुणाचा देव आला असेल तर चहाचा कप खाली ठेवून क्षणभर विचारा, हे छापण्याआधी त्या माणसाला कुणी फोन केला होता का? तुम्ही विचाराल असा मला भरवसा नाही. इतकी वर्षं माणसांचं बोलणं ऐकून तो उरलेला नाही. तुमच्या हातातला अंकही आता दुमडला जाईल, उद्या त्यात कुणी चपला गुंडाळेल, आणि नदीपलीकडे एक बाई अजून पहिल्या पानाची वाट बघत बसेल.

ठेवतो आता.